गाडीची चाकं बदलताय? आधी दाराच्या कडेचा स्टिकर वाचा

वडूज : जुनी अल्टो, वॅगनआर किंवा स्विफ्ट घेतली की खटाव-माण भागात पहिला खर्च सीटकव्हरवर होतो आणि दुसरा चाकांवर. कुणाची लोखंडी डिस्क खड्ड्यात वाकलेली असते, कुणाच्या टायरला फुगा आलेला असतो, तर कुणाला नुसती गाडी देखणी दिसावी म्हणून मॅगव्हील, म्हणजे अलॉय, टाकायचे असतात. मग कुणाच्या तरी गाडीवरून उतरलेला चार चाकांचा सेट स्वस्तात मिळतो. चार भोकं आहेत, चार नट आहेत, बसलं की झालं, असा हिशेब होतो. आणि चाक बसतंही. पण चाक बसणं वेगळं आणि चाक जुळणं वेगळं. न जुळलेलं चाक वडूजच्या बाजारपेठेत फिरताना काही बोलत नाही. ते बोलतं वर्धनगडचा घाट उतरताना, गाडीत पाच माणसं आणि डिकीत ज्वारीचं पोतं असताना.

चाक बदलण्याआधी काय बघायचं, काय मोजायचं आणि बसवताना कोणती चूक टाळायची, याची ही माहिती.

माप कुठं लिहिलेलं असतं?

ड्रायव्हरचं दार उघडलं की बॉडीच्या खांबावर किंवा दाराच्या कडेला एक स्टिकर दिसतो. त्यावर टायरचं माप आणि हवेचा आकडा असतो. कमी माणसं असताना हवा किती आणि गाडी भरलेली असताना किती, हेही बहुतेक गाड्यांवर वेगवेगळं दिलेलं असतं. स्टिकर निघून गेला असेल तर गाडीच्या पुस्तिकेत तेच माप सापडतं. सध्या गाडीवर जे टायर आहे त्यावरून माप घेऊ नये, कारण आधीच्या मालकानं काय बसवलंय याचा भरवसा नसतो.

दुकानात जाऊन 'स्विफ्टचं चाक द्या' एवढं सांगून भागत नाही. एकाच गाडीच्या खालच्या आणि वरच्या मॉडेलला कंपनीच वेगळी चाकं देते. स्विफ्टच्या खालच्या मॉडेलला १६५/८० आर १४ आणि वरच्याला १८५/६५ आर १५ येतं. वॅगनआरला १५५/८० आर १३ आणि १६५/७० आर १४ अशी दोन मापं आहेत. अल्टो ८०० ला १४५/८० आर १२ असतं, तर नव्या अल्टो के १० ला १४५/८० आर १३. नॅनोची तर तऱ्हाच वेगळी होती. चाकाला तीनच नट, पुढं १३५/७० आर १२ आणि मागं १५५/६५ आर १२. नॅनोची पुढची-मागची चाकं अदलाबदल करून चालत नाही हे अनेकांना पंक्चर झाल्यावरच कळलं.

आता हे आकडे वाचायचे कसे? १६५/८० आर १४ हे घेऊ. १६५ म्हणजे टायरची रुंदी, मिलिमीटरमध्ये. ८० म्हणजे टायरची वॉल, म्हणजे बाजूची भिंत, रुंदीच्या ८० टक्के उंच. १६५ चे ८० टक्के म्हणजे १३२ मिलिमीटर. आर म्हणजे रेडियल. १४ म्हणजे रिमचा व्यास १४ इंच. आता पूर्ण चाकाची उंची काढू. १४ इंच म्हणजे ३५५.६ मिलिमीटर, त्यात वरची आणि खालची मिळून दोन वॉल २६४ मिलिमीटर, एकूण ६१९.६.

तोच हिशेब १८५/६५ आर १५ ला लावला तर ६२१.५ मिलिमीटर येतो. म्हणजे रिम एक इंचानं वाढलं, पण चाकाची एकूण उंची दोन मिलिमीटरसुद्धा वाढली नाही. कंपनीनं वॉल बारीक करून ती उंची राखली. रिम मोठं करायचं असेल तर वॉल त्या हिशेबानं कमी झाली पाहिजे, आणि एकूण उंचीतला फरक तीन टक्क्यांच्या आत राहिला पाहिजे, असा या धंद्यातला सर्वमान्य दंडक आहे.

हा दंडक मोडला तर काय होतं? समजा कुणी १४ च्या जागी १५ चं रिम घेतलं आणि टायर मात्र १६५/८० च ठेवलं. चाकाची उंची ६४५ मिलिमीटर झाली, म्हणजे चार टक्के जास्त. मीटरवर ८० दिसतं तेव्हा गाडी खरी ८३ च्या वर पळत असते. मीटरवर १०० किलोमीटर पडतात तेव्हा गाडी १०४ किलोमीटर आलेली असते, म्हणजे ॲव्हरेज काढलं की ते कमी भरतं. मग मालक इंजिनाला दोष देत मेकॅनिककडे फेऱ्या मारतो. पूर्ण स्टिअरिंग वळवल्यावर टायर मडगार्डला घासतं ते वेगळंच, आणि चढाला गाडी ओढत नाही.

आपल्या रस्त्याला जाड वॉल बरी

सर्वांत जास्त पैसे इथं चुकीच्या जागी जातात. १४ च्या चाकाची वॉल १३२ मिलिमीटर. १५ ची १२०. हौसेनं कुणी १६ इंच टाकलं, समजा १९५/५५ आर १६, तर कागदावर एकूण उंची ६२०.९ म्हणजे अगदी बरोबर जुळते. पण वॉल राहते १०७ मिलिमीटर. म्हणजे खड्डा आणि रिम यांच्या मधली गादी मूळच्या मानानं २५ मिलिमीटरनं, इंचभर, पातळ झाली.

पुणे-सातारा महामार्गावर या इंचाचं काही वाटत नाही. पण पुसेगावहून खटावमार्गे वडूजला येताना, किंवा आतल्या वाड्या-वस्त्यांच्या रस्त्याला, हा इंचच रिम वाचवतो. पावसाळ्यानंतर डांबराच्या कडा तुटलेल्या असतात. समोरून उसाची ट्रॉली आली की गाडी खाली मुरमावर घ्यावी लागते आणि परत वर चढवताना टायरची आतली वॉल त्या कडेवर आपटते. गावागावांत हौसेनं घातलेले गतिरोधक आहेत, त्यांना ना पट्टे ना फलक. अशा ठिकाणी बारीक वॉलचं टायर दबून थेट रिमवर टेकतं. टायरच्या आतला धागा तुटला की त्या जागी फुगा येतो. फुगा आलेलं टायर दुरुस्त होत नाही, ते बदलावंच लागतं.

त्यामुळं या भागात चालणाऱ्या छोट्या गाडीला कंपनीचं मूळ माप सर्वांत चांगलं. फार तर त्याच गाडीच्या वरच्या मॉडेलला कंपनीनं जे दिलंय तिथपर्यंत जावं, त्याच्या पुढं नाही. वॅगनआरचं उदाहरण बघा. १५५/८० आर १३ ची उंची ५७८ मिलिमीटर, १६५/७० आर १४ ची ५८७. फरक दीड टक्का. हे चालतं, कारण ते कंपनीनंच त्या गाडीवर दिलेलं आहे. अल्टो ८०० वर १३ इंची अलॉय आणि १५५/६५ टायर टाकणारेही आहेत. उंचीचा फरक एकच टक्का पडतो, पण वॉल ११६ वरून १०१ मिलिमीटरवर येते आणि गाडी अडीच मिलिमीटर खाली बसते. डांबरी रस्त्यानं नोकरीला जाणाऱ्याचं त्यात भागेल. रानातल्या वाटेनं रोज वस्तीवर जाणाऱ्यानं या फंदात पडू नये.

लोखंडी की अलॉय, हा प्रश्न याच्याच पाठीला येतो. लोखंडी डिस्क खड्ड्यात वाकते, पण बहुतेक वेळा ती ठोकून सरळ करता येते आणि पुढं वर्षानुवर्षं चालते. अलॉय जोरात आपटलं तर वाकण्याऐवजी त्याला तडा जाऊ शकतो. तडा गेलेलं अलॉय वेल्डिंग करून देणारे आहेत, पण वेल्डिंगच्या आसपासचा धातू पहिल्यासारखा राहत नाही. ज्या चाकावर घरची माणसं बसणार ते वेल्डिंगवर सोडणं बरं नाही. अलॉय हलकं असतं म्हणून ॲव्हरेज वाढतं असं सांगून विकतात. चांगल्या कंपनीचं हलकं असतंही, पण स्वस्तातली कितीतरी अलॉय लोखंडी डिस्कइतकीच किंवा त्याहून जड भरतात. तराजू प्रत्येक गावात आहे, घालून बघावं.

चार भोकं सारखी दिसली म्हणून चाक सारखं नसतं

जुना सेट घेताना फसगत होते ती इथं. टायरशिवाय रिमचे चार आकडे जुळावे लागतात.

पहिला आकडा भोकांच्या अंतराचा, दुकानदार त्याला पीसीडी म्हणतात. चार भोकांच्या चाकाला मोजणं सोपं आहे. समोरासमोरच्या दोन भोकांच्या मध्यापासून मध्यापर्यंत पट्टी लावायची. स्विफ्ट, आय १० अशा गाड्यांत हे अंतर १०० मिलिमीटर असतं. जुन्या मारुती गाड्यांत ११४.३ हेही अंतर आढळतं. फरक सव्वा-दीड सेंटिमीटरचा आहे, साध्या टेपनं कळतो. एवढ्या फरकाचं चाक चढतच नाही, त्यामुळं त्यात धोका कमी. धोका एक-दोन मिलिमीटरच्या फरकात असतो, कारण तिथं भोक कानशीनं घासून चाक चढवणारे महाभाग आहेत. घासलेलं, लांबट झालेलं भोक दिसलं की तो सेट तिथंच सोडावा.

दुसरा आकडा मधल्या मोठ्या भोकाचा. हबचा मधला उंचवटा या भोकात घट्ट बसतो आणि चाक बरोबर मध्यावर येतं. मारुती आणि ह्युंदाईच्या बऱ्याच छोट्या गाड्यांत हे भोक ५४.१ मिलिमीटरचं आहे, होंडाच्या गाड्यांत ५६.१. दोन्हीकडे चार भोकं, दोन्हीकडे अंतर १००. त्यामुळं होंडाचं अलॉय स्विफ्टवर आरामात चढतं, पण मध्ये दोन मिलिमीटरचा खेळ राहतो. नट आवळताना चाक जरासं एका बाजूला बसलं की ७०-८० च्या वेगाला स्टिअरिंग थरथरू लागतं. बॅलन्सिंग दहा वेळा केलं तरी ती थरथर जात नाही, कारण दोष बॅलन्सिंगचा नाहीच. यावर उपाय आहे: हबरिंग नावाची कडी मिळते, बाहेरून ५६.१ आणि आतून ५४.१. ती टाकली की खेळ जातो. भोक लहान पडत असेल तर मात्र लेथवर नीट मध्य धरून वाढवावं लागतं. ग्राइंडर हातात घेऊन वाढवलेलं भोक कधीच गोल राहत नाही.

तिसरा आकडा ऑफसेटचा. हा शब्द अवघड वाटतो, पण शेतकऱ्याला तो आधीच माहीत आहे. आंतरमशागतीसाठी ट्रॅक्टरच्या मागच्या चाकाची डिस्क उलटसुलट करून दोन चाकांमधलं अंतर कमी-जास्त करतात ना, तीच ही गोष्ट. रिमची हबला टेकणारी बाजू रिमच्या मध्यापासून किती सरकलेली आहे, तो आकडा म्हणजे ऑफसेट. रिमच्या आतल्या बाजूला 'ईटी' अक्षरांपुढं तो कोरलेला असतो. मूळ चाक ईटी ४५ चं असेल आणि नवं ईटी ३० चं घेतलं, तर प्रत्येक चाक १५ मिलिमीटर बाहेर येतं. गाडी रुंद, दणकट दिसते आणि फोटो छान येतो. पण भार आता बेअरिंगच्या मध्यावर न पडता बाहेर पडतो. काही महिन्यांत बेअरिंग घुमायला लागतं, स्टिअरिंग जड होतं, गाडी भरली की टायर मडगार्डच्या कडेला कापतं. ट्रॅक्टर ताशी २० च्या आतबाहेर चालतो आणि त्याचा आसही तसाच जाड असतो, म्हणून त्याला हे चालून जातं. वायसर किंवा स्पेसर घालून चाक बाहेर काढण्याचा उद्योगही याच माळेतला.

चौथी गोष्ट नटाची, आणि ही सर्वांत कमी लोक बघतात. मारुती सुझुकीच्या गाड्यांच्या स्टडचा आटा १२ मिलिमीटर जाडीला १.२५ चा असतो. ह्युंदाई, होंडा, टोयोटा यांचा १२ ला १.५ चा. नट दिसायला सारखेच. ह्युंदाईचा नट मारुतीच्या स्टडवर एक-दोन आटे हातानं जातो, मग अडतो. तिथं पाना लावून जोर केला की आटे कापले जातात. नट आवळल्यासारखा वाटतो, पण त्याची पकड गेलेली असते. दुसरी गंमत अशी की नटाचं टोक आणि चाकाच्या भोकातली बैठक यांचा आकार जुळला पाहिजे. कुठं बैठक निमुळती असते, कुठं गोल, कुठं सपाट वायसरची. निमुळत्या बैठकीत सपाट नट टाकला तर तो कडेवर टेकतो आणि चालता चालता सैल होतो. अलॉयची जाडी जास्त असली तर नट स्टडवर पुरेसा चढत नाही, हेही बघायचं. नटाचे निदान सहा-सात पूर्ण फेरे बसले पाहिजेत.

याशिवाय रिमची रुंदी '५ जे', '५.५ जे' अशी कोरलेली असते. अरुंद रिमवर रुंद टायर ओढून बसवलं की ते मधोमध फुगतं आणि वळणावर लचकतं.

जुना सेट घेताना

रंग नवा कोरा दिसला की उलट सावध व्हावं. नव्या रंगाखाली तडा आणि वेल्डिंग दोन्ही झाकता येतात. चाक उलटं करून आतली बाजू बघावी, विशेषतः आऱ्या जिथं रिमला मिळतात तिथं आणि नटाच्या भोकांभोवती. साबणाचं पाणी लावून बुडबुडे येतात का ते बघणं पंक्चरवाल्याच्या दुकानात पाच मिनिटांचं काम आहे. त्याहून चांगलं म्हणजे पैसे देण्याआधी चारही रिम बॅलन्सिंग मशीनवर नुसती फिरवून घ्यावीत. वाकलेलं रिम मशीनवर लगेच डोलताना दिसतं. विकणारा याला तयार नसेल तर उत्तर मिळालंच.

सेटसोबत टायर येत असतील तर त्यांचं वय बघा. टायरच्या वॉलवर लांबलचक नंबराच्या शेवटी चार आकडे असतात. २२१९ असेल तर ते टायर २०१९ च्या २२ व्या आठवड्यात बनलेलं. नक्षी शिल्लक आहे म्हणजे टायर चांगलं, असं नसतं. आपल्याकडच्या उन्हात उभ्या गाडीचं रबरही कडक होतं आणि बारीक चिरा पडतात. गलाईच्या व्यवसायानिमित्त तामिळनाडू, केरळकडं असलेल्या कुटुंबांची गाडी कधी कधी वर्षातले आठ महिने गावाकडं पत्र्याच्या शेडमध्ये उभी असते. तिचे किलोमीटर कमी असतात, पण टायर म्हातारं झालेलं असतं. तीच गाडी यात्रेला किंवा दिवाळीला एकदम लांबच्या पल्ल्याला निघते, आणि तापलेल्या महामार्गावर टायर फुटतं. पाच वर्षांनंतर दर वर्षी टायर तपासावं आणि दहा वर्षांचं झालं की नक्षी कितीही असो, काढून टाकावं, असं टायर कंपन्या सांगतात.

मापाच्या पुढं ८२ टी, ८८ एच असं काही लिहिलेलं असतं. आकडा वजन पेलण्याचा असतो. ७४ म्हणजे एका टायरवर ३७५ किलो, ८२ म्हणजे ४७५, ८८ म्हणजे ५६०. अक्षर वेगाचं असतं, टी म्हणजे ताशी १९० किलोमीटरपर्यंत. मूळ टायरपेक्षा कमी आकड्याचं टायर घेऊ नये. वेगाचं अक्षर आपल्याकडं कमी महत्त्वाचं, वजनाचा आकडा जास्त, कारण छोट्या गाडीत खताच्या गोणी घालायला कुणी मागंपुढं बघत नाही. नव्या टायरवर आयएसआय मार्क असतो, तो बघावा आणि पक्कं बिल घ्यावं. नव्या टायरवरचा जीएसटी २२ सप्टेंबर २०२५ पासून २८ वरून १८ टक्के झाला आहे. बिलात तो दिसला पाहिजे, आणि वॉरंटीचा दावाही बिलाशिवाय होत नाही.

पैसे दोनच टायरपुरते असतील तर एका आसावर एकाच मापाची, एकाच नक्षीची जोडी टाकावी. आपल्याकडं नवी जोडी पुढं टाकायची पद्धत आहे. टायर कंपन्यांचा सल्ला उलटा आहे: नवी मागं, जुनी बरी जोडी पुढं. कारण ओल्या रस्त्यावर पुढची चाकं घसरली तर गाडी वळत नाही, पण ॲक्सिलरेटर सोडला की बरेचदा सावरते. मागची घसरली तर गाडी भिंगरीसारखी फिरते आणि ती सावरणं भल्याभल्यांना जमत नाही. एप्रिल २०१९ पासून विकल्या जाणाऱ्या नव्या गाड्यांना एबीएस सक्तीचं आहे. ती यंत्रणा चारही चाकांच्या फिरण्याची तुलना करते, त्यामुळं वेगवेगळ्या उंचीची टायर टाकली तर मीटरवर दिवा लागू शकतो.

बसवताना

सपाट, टणक जागा. हँडब्रेक ओढलेला, गाडी गिअरमध्ये, आणि उचलणार त्याच्या तिरप्या चाकाला पुढून-मागून दगड. काळ्या रानात जॅक लावायची वेळ आली तर खाली जाड फळी टाकावी. नट आधी जमिनीवरच अर्धा फेरा ढिले करायचे, मग जॅक. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली हातही घालू नये.

चाक निघालं की हबचा चेहरा बघा. तिथं गंज आणि सुकलेला चिखल थरानं बसलेला असतो. वायर ब्रशनं तो घासून काढला नाही तर नवं चाक त्या थरावर टेकतं. चार दिवसांत थर दबतो आणि आवळलेले नट आपोआप सैल होतात. चाक गळून पडल्याच्या घटनांमागं चोर नसतो, बहुतेक वेळा हा गंज नाहीतर अर्धवट आवळलेला नट असतो. स्टडच्या आट्याला ग्रीस किंवा ऑइल लावायचा मोह होतो, पण तो टाळावा. ऑइल लागल्यावर त्याच जोरात नट गरजेपेक्षा जास्त आवळला जातो आणि स्टड ताणला जातो.

नट पहिल्यांदा बोटांनीच लावायचे, निदान तीन-चार फेरे. बोटांनी फिरत नसेल तर आटा चुकलाय, तिथंच थांबायचं. मशीनवाल्याला घाई असते, तो पहिल्या फेऱ्यापासून गन लावतो. त्याला थांबवून हातानं लावायला सांगण्यात लाज वाटू देऊ नये. मग समोरासमोरचे नट आळीपाळीनं थोडे थोडे आवळायचे, एकापाठोपाठ एक गोल नाही. गाडी खाली उतरवून शेवटचा जोर द्यायचा.

तो जोर किती? छोट्या गाड्यांना साधारण ८५ ते ११० न्यूटन मीटर लागतो, नेमका आकडा गाडीच्या पुस्तिकेत असतो. साध्या भाषेत, एक मीटर लांबीच्या पान्याच्या टोकाला दहा किलोचा भार. गाडीसोबत मिळणारा पाना मात्र पाव मीटरच्या आसपास असतो, म्हणजे त्याच्या टोकाला ४० किलोचा दाब पुरे. ७० किलोचा गडी पान्यावर उभा राहून उड्या मारतो तेव्हा गरजेच्या पावणेदोनपट आणि त्याहून जास्त जोर पडतो. त्यानं नट पक्का होत नाही. स्टड ताणला जातो, डिस्क वाकते आणि पुढच्या वेळी रस्त्यात पंक्चर झाल्यावर तोच नट निघत नाही. टॉर्क पाना असलेल्या दुकानात काम करून घेणं सर्वांत चांगलं.

नवी चाकं टाकून ५० ते १०० किलोमीटर गाडी चालली की नट पुन्हा एकदा तपासायचे. विशेषतः अलॉय बसवलं असेल तर हे चुकवू नये. बॅलन्सिंग चाक बसवण्याआधी, अलाइनमेंट बसवल्यावर. हवा सकाळी, गाडी थंड असताना, स्टिकरच्या आकड्याप्रमाणे. अलॉयला जुना व्हॉल्व्ह ठेवू नये, नवा टाकावा, किरकोळ पैशांचं काम आहे. ट्यूबलेस टायरचं रिम वाकून हवा जात असेल तर आत ट्यूब टाकून भागवण्यापेक्षा रिम सरळ करावं. ट्यूबवर चालणारं ट्यूबलेस टायर पंक्चर झालं की हवा एकदम जाते, आणि ट्यूबलेसचा सगळा फायदाच संपतो.

कायदा काय म्हणतो?

केंद्रीय मोटार वाहन नियमांतल्या नियम ९४ नुसार कारच्या टायरची नक्षी १.६ मिलिमीटरपेक्षा कमी झालेली चालत नाही. नक्षीच्या खोबणीत बारीक उंचवटे असतात. नक्षी झिजून त्यांच्या बरोबरीला आली की टायर कायद्यानं संपलं. समृद्धी महामार्गावर अपघात वाढल्यावर २०२३ मध्ये परिवहन विभागानं प्रवेशाच्या ठिकाणी टायर तपासायला सुरुवात केली आणि गोटा टायरच्या गाड्या अडवल्या. मोटार वाहन कायद्याचं कलम ५२ कंपनीच्या मूळ तपशिलाविरुद्ध गाडीत बदल करायला मनाई करतं, आणि सर्वोच्च न्यायालयानंही जानेवारी २०१९ मध्ये ते ठामपणे सांगितलं. कंपनीनं त्या गाडीला दिलेल्या मापाच्या आत राहिलं तर या भानगडी येत नाहीत. मडगार्डच्या बाहेर आलेलं चाक मात्र पासिंगच्या वेळी आणि विम्याचा दावा करताना दोन्हीकडं अडचण करतं. चाकं बदलली असतील तर विमा कंपनीला लेखी कळवून ठेवावं.

स्टेपनी विसरू नका

चार चाकं बदलतात आणि स्टेपनी जुनीच राहते. चार १५ ची आणि स्टेपनी १४ ची, असं चालतं का? कंपनीनंच तसं दिलं असेल आणि एकूण उंची जुळत असेल तर पंक्चर काढेपर्यंत चालतं. स्टेपनीवर वेगाची मर्यादा लिहिलेली असते, ती ८० ची असेल तर ८०च्या आतच राहायचं. पण अलॉयचे नट लोखंडी स्टेपनीला जुळतीलच असं नाही, बैठक वेगळी असू शकते. म्हणून जुन्या डिस्कचे चार नट भंगारात न घालता पिशवीत बांधून डिकीत ठेवावेत. आणखी एक, काही अलॉयच्या भोकात गाडीचा जाड पाना जातच नाही, त्याला पातळ पाना लागतो. हे रात्री औंधच्या रस्त्याला, मोबाईलच्या उजेडात कळण्यापेक्षा चाकं बसवल्याच्या दिवशी अंगणातच एक नट ढिला करून आणि परत आवळून बघावं.